मामाचं इनाम

मामाची बंदूक ठाण्यात जमा करायला या वेळी मी गेले. ग्वाल्हेरात निवडणूक जाहीर झाली की परवान्याच्या बंदुका ठाण्यात नेऊन द्याव्या लागतात आणि त्या दिवसांत ठाण्याबाहेर ही मोठी रांग लागते. रांगेतले सगळे एकच विचारत होते, परत कधी मिळणार? खांद्यावर बंदूक नसली की इकडच्या पुरुषांना अंगावर कपडे नसल्यासारखं वाटतं. मला परत न्यायची नव्हती. मामा गेल्या थंडीत गेला. त्याला मूलबाळ नाही, लग्नच केलं नव्हतं त्याने, म्हणून परवाना रद्द करून बंदूक सरकारजमा करायचं काम माझ्या गळ्यात आलं होतं.

ठाण्यातल्या मुंशीने बंदूक उलटीपालटी करून पाहिली. म्हणाला, "मैडम, ये तो कभी चली ही नहीं है।"

मी म्हटलं, "हाँ, नहीं चली।" माझं लग्न झाल्यापासून ती कपाटात होती. बाहेर यायची ती फक्त निवडणुकीला, ठाण्यात जायला. ती मामाकडे कशी आली होती हे मात्र मी मुंशीला सांगितलं नाही. ते सांगायची जागा ती नव्हती. इथे सांगते.

आम्ही ग्वाल्हेरच्या शिंदे की छावनी मोहल्ल्यातले. आमचे पूर्वज दख्खनेतून शिलेदारीला आले आणि छावणी उठली तरी इथेच राहिले. आता आमच्यात तलवार उचलणारं कोणी नाही. बाबा बिजली विभागात कारकून होते आणि घरात झुरळ निघालं तर खुर्चीवर चढायचे. पण खापरपणजोबांची तलवार आहे आणि खंडेनवमीला ती पाटावर मांडून तिची पूजा होते. आईचा धाकटा भाऊ, म्हणजे माझा मामा, त्या दिवशी पडाव भागातलं आपलं ट्रान्सपोर्टचं ऑफिस बंद ठेवून सकाळीच यायचा. तलवार पुसायचा मान त्याचा. ती पुसताना त्याची छाती अशी काही फुगायची की आई म्हणायची, "अरे, हळू. लढाई संपली आहे."

मामाला वेड होतं ते इनामी लोकांचं. इनामी म्हणजे ज्याच्या डोक्यावर सरकारने बक्षीस लावलंय असा फरार माणूस. पडावला पोलिस चौकीच्या भिंतीवर त्यांचे फोटो चिकटवलेले असायचे आणि मामा येताजाता तिथे थांबायचा, लोक देवळासमोर थांबतात तसा. पण त्याला खरं कौतुक होतं ते इनामींना पकडून देणाऱ्यांचं. लहानपणी मला राजाराणीच्या गोष्टी कोणी सांगितल्या नाहीत. मामाने याच सांगितल्या. ठगांच्या काळात एक ठग कंपनी सरकारचा साक्षीदार झाला आणि ज्यांच्याबरोबर जेवला होता त्यांनाच एकेक करून धरून देत गेला. लंडनमध्ये एक जण चोर पकडून इनाम घ्यायचा, आणि ते चोर असायचे त्याच्याच पदरचे. शेवटी त्यालाच फासावर चढवलं. अमेरिकेत तर म्हणे माणसं घोड्यावर मढं आडवं टाकून गावात यायची आणि हिशोब करून पुढच्या गावाला जायची. सत्तावनच्या बंडातला एक मोठा सेनापती इकडे शिवपुरीच्या बाजूला जंगलात लपला होता, त्याला त्याच्या मित्रानेच झोपेत पकडून दिलं. हिंदी मासिकं वाचून वाचून मामाने हे सगळं जमवलं होतं. मी पुढे इतिहास शिकले, आता शाळेत तोच शिकवते. यातलं बरंच खरं निघालं तेव्हा मलाच नवल वाटलं.

एकदा मी विचारलं होतं, "मामा, पण त्या सेनापतीचा पुतळा आहे ना शिवपुरीला. पकडून देणाऱ्याचा कुठे आहे?"

"त्याचा कशाला असेल?"

"का? तो तर जिंकला ना."

मामा जरा गोंधळला. मग म्हणाला, "पुतळ्याचं काय करायचं आहे, वेडे. इनाम तर मिळालं." माझं समाधान झालं नाही, पण मामाशी वाद घालायला आवडायचं नाही मला. माझा मामा होता तो. परीक्षेच्या दिवशी दही-साखर हातावर ठेवायला आईच्या आधी तो हजर असायचा. सायकल त्याने शिकवली, सिनेमा त्याने दाखवला, आणि माझ्या लग्नात मला मंडपात घेऊन येण्याची तालीम तर तो मी पाच वर्षांची असल्यापासून करायचा. हात धरून ओसरीवरून चालवायचा आणि मधेच थांबून म्हणायचा, "इतकं जल्दी नाही चालायचं, नवरदेव कुठे पळून नाही जाऊन राहिला."

आमच्या शेजारी मुरैन्याकडच्या गावातलं एक कुटुंब भाड्याने राहायचं. त्या बाईंना मी चाची म्हणायची, आई भाभी म्हणायची, आणि त्या आईला दीदी. बिर्लानगरची मिल बंद पडल्यावर चाचींचे यजमान कुठेकुठे चौकीदारी करायचे. दोघींचं फार जमायचं. आईचं हिंदी ऐकून चाची हसायच्या, आणि चाचींनी केलेली पुरणपोळी पाहून आई. दसऱ्याला आई आपट्याची पानं घेऊन सगळ्यांत आधी चाचींकडे जायची, त्यांच्या हातावर सोनं म्हणून ठेवायची आणि त्या आईच्या पदरात बत्ताशे टाकायच्या. हे दर वर्षी चालायचं, आणि दर वर्षी चाची तेच विचारायच्या, "दीदी, ये सोना बेचूँ तो क्या मिलेगा?"

चाचींना दोन भाऊ होते. एक गावी शेती करायचा. दुसऱ्याबद्दल कोणी बोलायचं नाही, पण मोहल्ल्याला माहीत होतं. तो चंबळच्या घळींमध्ये, ज्यांना इकडे बीहड म्हणतात, तिथे होता आणि त्याचा फोटो पडावच्या त्या भिंतीवर होता. उगाच त्याला देव करायचं कारण नाही. त्याने माणसं उचलून नेली होती, घरच्यांकडून पैसे आले नाहीत म्हणून एकाला परत सोडलं नव्हतं. चाचींना हे माहीत होतं. त्या त्याचं नाव काढायच्या नाहीत, फक्त राखीच्या दिवशी एक राखी देवासमोर ठेवायच्या आणि दुसऱ्या दिवशी तुळशीत सोडायच्या.

मग चाचींच्या मुलीचं लग्न ठरलं. ती माझी मैत्रीण, माझ्याहून थोडी मोठी. इकडे लग्नाआधी एक विधी असतो, त्याला भात म्हणतात. आपल्या ताटातल्या भाताशी त्याचा संबंध नाही. नवरीची आई गुळाची ढेप घेऊन माहेरी जाते, भावाला बोलावणं करते, आणि लग्नाच्या आदल्या दिवशी भाऊ कपडेलत्ते घेऊन बहिणीच्या दारी येतो. बहीण पाटावर उभी राहून त्याला टिळा लावते, तो तिच्या डोक्यावर चुनरी घालतो. जिच्या दारी भात आला नाही तिची मान सासरी माहेरी दोन्हीकडे खाली. नवरीलाही जन्मभर ऐकावं लागतं की हिला मामा नव्हता.

चाची गावी निघाल्या तेव्हा सामान बांधायला आई मदतीला होती. चाचींनी गुळाच्या दोन ढेपा बांधल्या. आईने पाहिलं. दुसरी कोणासाठी ते तिला न सांगता कळलं. त्या रविवारी मामा जेवायला आला तेव्हा तिने हे त्याला सांगितलं. का सांगितलं म्हणाल, तर मामाचा मान हा आमच्या घरातला मोठा विषय होता. आमच्यात मामाशिवाय नवरी मंडपात येत नाही, त्यांच्यात मामाच्या चुनरीशिवाय लग्न उभं राहत नाही. आईला तेच दिसलं.

"बघ रे," आमटी वाढत ती म्हणाली, "जंगलात असला म्हणून काय झालं, मामा तो मामाच ना. भाभींनी त्याच्यासाठी पण गूळ नेला."

"येईल तो?" मामाने विचारलं.

"नाही कसा येणार? भाचीचं लग्न आहे. तू नाही का येणार हिच्या वेळेस?"

मामा हसला. माझ्याकडे पाहून डोळे मिचकावले त्याने. मग म्हणाला, "भात कधी आहे त्यांच्या इकडे?" आईने दिवस सांगितला, लग्नाची धर्मशाळा कोणती ते सांगितलं. मी तिथेच बसले होते, मलाही काही वाटलं नाही. एका मामाने दुसऱ्या मामाची चौकशी केली, इतकंच.

भाताच्या दिवशी दुपारी मी धर्मशाळेच्या दारात होते, चाचींच्या मागे निरांजनाचं ताट धरून. थंडीचे दिवस होते, ऊन छान पडलं होतं. गावाकडची माणसं ढोल वाजवत आली. मोठा भाऊ पुढे होता, त्याने टिळा लावून घेतला, चुनरी घातली. त्याच्यामागून डोकं मफलरने गुंडाळलेला एक सडपातळ माणूस पुढे आला. पाटासमोर आल्यावर त्याने मफलर सोडला. फोटोतल्यापेक्षा तो म्हातारा दिसत होता. चाचींनी अंगठा कुंकवात बुडवला, त्याच्या कपाळावर टेकवला आणि वर ओढू लागल्या. तो एका हाताने चुनरीची घडी उलगडत होता.

तेवढ्यात ढोलवाल्यांच्या मागे उभ्या असलेल्या माणसांनी त्याला मागून कवेत धरलं. आम्हाला ते व्याह्यांकडचे वाटले होते. साध्या कपड्यातले पोलिस होते ते. तो झटापट करेल असं त्यांना वाटलं असावं, पण त्याने अंगही हलवलं नाही. इतकंच म्हणाला, "चुनरी उढ़ा तो लेने दो।" कोणी ऐकलं नाही. चुनरी पाटाखाली पडली. त्याला ओढत नेत होते तेव्हा त्याने मान वळवून, वर करून बहिणीकडे पाहिलं. टिळा भुवयांपाशीच अडला होता. त्या नजरेत राग नव्हता हे मी आजही शपथेवर सांगेन. चाची पाटावरून उतरल्या नाहीत. ढोल केव्हाच थांबला होता आणि त्या तशाच अंगठा वर धरून उभ्या होत्या.

लग्न दुसऱ्या दिवशी लागलं, पण कसं लागलं ते विचारू नका. नवरीने मान वर केली नाही. व्याही जेवताना एकमेकांच्या कानाला लागत होते. आई चाचींच्या गळ्यात पडून रडली. कोणी सांगितलं असेल, कोण असा मेला असेल, असं पुन्हा पुन्हा म्हणत होती. आपणच सांगितलं हे तिला माहीत नव्हतं.

ते कळलं खंडेनवमीला. मामा सकाळी आला तो खांद्यावर नवी कोरी बंदूक घेऊन. इकडे बंदुकीचा परवाना मिळायला माणसं वर्षानुवर्षं चपला झिजवतात. मामाही झिजवत होता. त्याने ती तलवारीशेजारी पाटावर ठेवली, हळद-कुंकू वाहिलं आणि आईला नमस्कार केला.

आई हसत म्हणाली, "अरे वा! कसा काय मिळाला परवाना?"

मामाचा चेहरा उजळला. कितीतरी महिने त्याने हे पोटात ठेवलं होतं. "ताई, तुझीच कृपा," म्हणाला, "तूच तर बोलली होतीस, भाताला येणार म्हणून. मी साहेबांना जाऊन सांगितलं. इनाम पण मंजूर झालं आणि हा परवाना पण. आपण शिपाईगडी आहोत ताई, नुसती तलवार किती दिवस पुसायची?"

आई जिथे होती तिथेच बसली. मग म्हणाली, "ती बंदूक उचल."

"काय झालं? ताई, त्याने माणसं मारली होती. त्या लोकांच्या घरी पण पोरी असतील. मी गलत काय केलं?"

"गलत नाही केलंस," आई म्हणाली. तिचा आवाज शांत होता म्हणूनच मला भीती वाटली. "पण मी ते पोलिसांना नव्हतं सांगितलं. माझ्या भावाला सांगितलं होतं. उचल ती. ही पूजेला नाही."

मामाने बंदूक उचलली आणि गेला. तो जेवला नाही, आम्हीही कोणी जेवलो नाही. दुसऱ्या दिवशी दसरा होता. आपट्याची पानं ताटात तशीच पडून राहिली. मी म्हटलं, "चाचींकडे जायचं ना?" आई म्हणाली, "कुठल्या हाताने देऊ तिला सोनं?" तेव्हापासून तिने चाचींकडे जाणं कमी केलं. चाची आल्या की ती कामं काढायची. रात्रंदिवस तिला एकच धास्ती, भाभींना कळलं तर? आणि सांगितल्याशिवाय राहवतही नव्हतं. मला दोघांचाही राग यायचा. मामाचा जास्त यायला हवा होता, पण खरं सांगते, आईचाच जास्त यायचा. मामा माझा होता आणि तो तिने काढून घेतला होता.

पुढे माझं लग्न ठरलं. आईने स्पष्ट सांगितलं, "तो मंडपात येणार नाही. भाभी समोर बसलेली असणार, तिच्यासमोर मी कुठल्या तोंडाने त्याला मामाचा मान देऊ?" मी रडले, भांडले, लग्नच करत नाही म्हणाले. बाबा मधे पडले तर त्यांनाही ऐकावं लागलं. शेवटी ठरलं की बाबांचे एक मावसभाऊ मला घेऊन येतील. त्यांना गुडघेदुखी होती आणि माझा हात त्यांनी उभ्या आयुष्यात धरला नव्हता.

लग्नाच्या दिवशी मी कार्यालयाच्या रस्त्याकडच्या खोलीत तयार होऊन बसले होते. खिडकीतून समोरचं पानाचं दुकान दिसत होतं. तिथे मामा उभा होता. नवा कुर्ता, डोक्याला फेटा आणि खांद्यावर ती बंदूक. इकडे लग्नाला बंदूक घेऊन जाणं मोठेपणाचं समजतात. सकाळपासून तो तिथेच होता. आत यायचं धाडस नव्हतं आणि जाववतही नव्हतं.

गुरुजींनी आवाज दिला, मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं. बाबांचे मावसभाऊ टोपी सारखी करत खोलीत आले. त्यांच्यामागे चाची आल्या.

"इसका मामा कहाँ है?" त्यांनी आईला विचारलं.

"भाभी, वो नहीं आया।"

"आया है। सामने खड़ा है।"

चाचींनी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "दीदी, मुझे सब पता है। जिस दशहरे तुम सोना देने नहीं आईं, उसी दिन समझ गई थी। नई बंदूक तो पूरे मोहल्ले ने देखी थी।"

आई कोसळलीच. चाचींचे दोन्ही हात धरून म्हणाली, "भाभी, मेरे मुँह से निकला था। मैंने ही उसको बताया।"

"तुमने भाई को बताया था," चाची म्हणाल्या. "भाई को कौन बहन नहीं बताती?" मग त्यांनी डोळे पुसले आणि बाबांच्या मावसभावांना हाताने बाजूला केलं. "मेरी बिटिया एक मामा के बिना गई है। ये नहीं जाएगी।"

आणि त्या स्वतः रस्ता ओलांडून गेल्या. मी खिडकीतून पाहत होते. त्यांना येताना पाहून मामाने पानवाल्याच्या फळीला धरलं. चाची त्याच्यासमोर उभ्या राहिल्या. रस्त्यावर गाड्यांचा गोंगाट होता, तरी त्यांचे शब्द मला ऐकू आले, "बंदूक यहीं छोड़ो। अंदर भाई बनके चलो।" मामाने बंदूक फळीवर ठेवली आणि त्यांच्यामागून आला. पानवाला नुसता बघत राहिला. लग्न उरकल्यावर बाबाच जाऊन ती घेऊन आले.

मामाने माझा हात धरला. थंडगार हात होता, आणि ओला. लहानपणी ओसरीवर शिकवलं होतं तसं तो सावकाश चालला. मंगलाष्टकं चालू असताना तो माझ्यामागे उभा होता आणि त्याचं रडणं माझ्या पाठीला कळत होतं. अंतरपाट दूर झाला, अक्षता पडल्या, वाजंत्री वाजली.

मग मामाचा मान करायची वेळ आली. आईने त्याच्यासाठी काहीच आणलं नव्हतं, ना टॉवेल-टोपी, ना नारळ. ती नुसती उभी राहिली. तेव्हा चाची पुढे झाल्या. माझ्या पूजेच्या ताटातल्या कुंकवात त्यांनी अंगठा बुडवला आणि मामाच्या कपाळावर टेकवला. भुवयांपाशी त्यांचा अंगठा क्षणभर थांबला. मग त्यांनी तो थेट केसांपर्यंत ओढत नेला, पूर्ण.

मामा मान खाली घालून उभा होता. टिळा लावून झाला तरी मान वर करेना.

चाची म्हणाल्या, "अब ऊपर देखो। मेरे वाले ने भी देखा था।"

मामाला ते जमलं नाही.